कार्ल्याच्या चैत्यात नेमकं काय होतं? एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार. कार्ल्याचं चैत्यगृह, म्हणजे डोंगरात कोरलेलं बौद्ध प्रार्थनागृह, आत शिरताच पवित्र आणि शांत वाटतं, असं मी लेखात लिहिलं होतं. त्याखाली तुम्ही लिहिलंत, "उन्हातून पायऱ्या चढून गार अंधारात शिरलं की कुणालाही बरं वाटतं. त्यात आवाज घुमतो. पावित्र्य कुठून आलं? हा सगळा शरीराचा खेळ. आणि रविवारी जाऊन ती शांतता दाखवाच."

शरीराचा खेळ आहे, मान्य. उन्हातून आत गेल्यावर डोळ्यांना अंधाराची पुरती सवय व्हायला 20-30 मिनिटं लागतात. तेवढ्या वेळात चैत्य हळूहळू उलगडतो. आधी मोठ्या गवाक्षातून येणारा उजेड झेलणारा स्तूप, मग खांबांच्या माथ्यावर बसलेले हत्ती, त्यांच्यावरची जोडपी, आणि शेवटी खांबांमागच्या काळोख्या वाटा. पण हे योगायोगानं झालेलं नाही. स्तूपामागचे 7 खांब साधे अष्टकोनी आहेत, त्यांवर कोरीवकाम नाही. नजर स्तूपावरून हलू नये म्हणूनच, असं मला वाटतं. आणि छताच्या त्या सागवानी फासळ्या! दोन हजार वर्षं टिकल्यात, पण डोंगरात कोरलेल्या छताला त्यांच्या आधाराची काडीमात्र गरज नाही. तरी त्या वर चढवल्या, कारण आधीच्या लाकडी चैत्यात बसणाऱ्याला जे वाटायचं ते इथेही वाटायला हवं होतं. वैजयंती नगरीच्या भूतपाल श्रेष्ठीच्या, म्हणजे व्यापाऱ्याच्या, इथल्या शिलालेखात या शैलगृहाला जंबुद्वीपात, म्हणजे भारतवर्षात, उत्तम म्हटलंय. मन कशानं निवतं हे त्या लोकांनी ओळखलं आणि त्यासाठी कातळ फोडला. ते कसं घडतं हे कळल्यावर माझा आदर वाढलाच.

रविवारच्या गर्दीचं मात्र तुमचं खरं आहे. "आत येणारा प्रत्येक जण आपसूक गप्प होतो" हे माझं वाक्य चूक होतं. चैत्याच्या दाराशीच एकवीरा आई आहे. चैत्रात कोळी-आगरी मंडळी वाजतगाजत येतात. एकदा त्या गजरात रांगेतली एक आजी नारळ छातीशी धरून, डोळे मिटून रडताना पाहिली. चैत्यात ती डोकावलीही नाही. तिला ना अंधार लागला, ना शांतता. लहानपणापासूनची वाट आणि आईचा उदोकार पुरला. म्हणजे दगड आपलं काम करतो, पण येणारा काय घेऊन येतो त्यावर बरंच ठरतं. हे मूळ लेखात यायला हवं होतं. ते वाक्य आज काढलंय.

एक विनंती. पुढच्या वेळी सकाळी दार उघडताच जा, मोबाईलचा दिवा न लावता अर्धा तास बसा, आणि काय वाटलं ते इथे लिहा. काहीच वाटलं नाही, तर तेही लिहा.