प्रॉडक्ट की मदरबोर्डात जाऊन बसली आहे

सॉफ्टवेअरला ऑनलाइन खात्याचं लॉगिन आलं आणि परवाना सिद्ध करणारी २५ अक्षरी प्रॉडक्ट की इतिहासजमा झाली, हा सॉफ्टवेअर परवान्यांवरच्या लेखातला निष्कर्ष पटला नाही. विंडोज ८ पासून ब्रँडेड लॅपटॉपवरचा कीचा स्टिकर गेला, पण ती की फर्मवेअरमधल्या (मदरबोर्डावरच कोरलेल्या सॉफ्टवेअरमधल्या) एमएसडीएम नावाच्या तक्त्यात असते आणि इन्स्टॉलर ती तिथून आपोआप उचलतो. म्हणून मदरबोर्ड बदलला की अ‍ॅक्टिव्हेशन, म्हणजे विंडोज अधिकृत असल्याची नोंद, उडतं. नव्या बोर्डात की लिहिली आहे ना, हे सर्व्हिस सेंटरमधून मशीन ताब्यात घेतानाच बघा. रिटेल, म्हणजे सुटा विकत घेतलेला परवाना मात्र दुसऱ्या मशीनवर नेता येतो, तेव्हा ती की जपून ठेवाच.

जुन्या मशीनवरचा स्टिकर पुसट झाला असेल तर एक गोष्ट ध्यानात ठेवा: या कीमध्ये इंग्रजी स्वर नसतात, ०, १ आणि ५ हे अंकही नसतात. शून्य दिसतंय म्हणजे ते क्यू किंवा डी असणार. खरी गफलत होते ती ८ आणि बी यांत.

कॉलेजच्या लॅबचं गणित वेगळं. केएमएस सर्व्हरला (संस्थेतली मशीन आतल्या आत अ‍ॅक्टिव्हेट करणाऱ्या सर्व्हरला) विंडोजची किमान २५ क्लायंट मशीन लागतात आणि प्रत्येकाला १८० दिवसांत पुन्हा संपर्क साधावा लागतो. २० मशीनच्या लॅबला एमएके कीच, म्हणजे अनेक मशीनवर चालणारी एकच की, घ्यावी. नेट नसेल तर पूर्वी फोनवरूनही अ‍ॅक्टिव्हेट करता येत असे.