काजूचं बोंड टाकाऊ, मका नव्हे

आमच्या नात्यागोत्याच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर चतुर्थीपासून एक मजकूर फिरतोय. फोंड्याच्या मामांनी तो आजवर तीनदा टाकला. विषय ई-२०, म्हणजे २० टक्के इथेनॉल (ऊस, मका, तांदूळ अशा मालापासून केलेलं अल्कोहोल) मिसळलेलं पेट्रोल, आणि धारबांदोड्याचा बंद पडलेला संजीवनी साखर कारखाना. सार असं: "ई-२० पेट्रोल निसर्गाचं वरदान आहे. ते टाकाऊ मालापासून बनतं, त्याचं प्रदूषण शून्य, गाडीला आणि खिशाला काही फरक नाही, आणि संजीवनीत इथेनॉल सुरू झालं की गोव्याचा ऊस वाचला." मामांना सगळ्यांसमोर उलटून बोलणं बरं दिसत नाही, म्हणून इथे लिहितो. इथेनॉल विष आहे असं माझं म्हणणं नाही. तेलाची आयात कमी होते, हे खरंच आहे. पण बाकीचं?

"टाकाऊ मालापासून बनतं." टाकाऊ म्हणजे काय ते गोव्यातल्या माणसाला शिकवायला नको. काजू लावतात तो बियेसाठी. बोंड आपोआप येतं, ते भट्टीवर गेलं तर हुर्राक आणि फेणी, नाही तर झाडाखाली कुजतं. बोंडासाठी कोणी रान तोडून काजू लावला नाही. साखर काढून झाल्यावर उरलेली शेवटची मळी याच जातीची, आणि तिच्यापासून केलेल्या इथेनॉलला टाकाऊतून टिकाऊ म्हणा, माझी हरकत नाही.

पण मळी पुरत नाही. २०१८ च्या राष्ट्रीय जैवइंधन धोरणात २० टक्के मिश्रणासाठी २०३० सालापर्यंत मुदत होती. २०२२ मध्ये ती २०२५-२६ वर आणली आणि २०२५ मध्ये २० टक्के गाठलेसुद्धा. एवढ्या घाईत माल आला कुठून? उसाच्या थेट रसातून, तांदळातून आणि सगळ्यात जास्त मक्यातून. २०२४-२५ साठी अन्न महामंडळाचा ५२ लाख टन तांदूळ इथेनॉलला देऊ केला होता. हा काही सडका तांदूळ नव्हे. मका तर आपण एकेकाळी बाहेर पाठवत होतो, २०२४ मध्ये तो आयात करायची पाळी आली. कोंबड्यांचं खाद्य महागलं ते त्याच सुमारास. खरोखर टाकाऊपासून, म्हणजे भाताच्या पेंढ्यापासून इथेनॉल करणारा कारखाना पानिपतला २०२२ मध्ये सुरू झाला, पण एकूण इथेनॉलमध्ये अशा कारखान्यांचा वाटा चिमूटभर आहे. मजकुरात मात्र फोटो पेंढ्याचा लावलाय.

"प्रदूषण शून्य." झाडाने घेतलेलाच कार्बन परत हवेत जातो, असा हिशेब दिलाय. त्यात नांगरणी, युरिया, डिस्टिलरीचा बॉयलर आणि टँकरचं डिझेल धरलेलं नाही. खुद्द नीती आयोगसुद्धा शून्य म्हणत नाही. पेट्रोलच्या तुलनेत हरितगृह वायू उसाच्या इथेनॉलमध्ये ६५ टक्के आणि मक्याच्या इथेनॉलमध्ये ५० टक्के कमी, असा त्यांचा अंदाज आहे. धुरातला कार्बन मोनॉक्साइड घटतो, हेही मान्य. अ‍ॅसिटाल्डिहाइड हे दुसरं प्रदूषक मात्र वाढतं.

आणि पाणी? उसापासून एक लिटर इथेनॉल करायला सुमारे २,८६० लिटर पाणी लागतं. हा आकडा कुणा आंदोलकाचा नाही, नीती आयोगाच्याच २०२१ च्या आराखड्यातला आहे. आता गंमत बघा. म्हादई नदीचं पाणी कर्नाटकाने वळवू नये म्हणून आपण गोवेकर रस्त्यावर उतरतो. कर्नाटकातल्या मलप्रभेच्या खोऱ्यात ऊस बेसुमार वाढवला आणि आता आमचं पाणी मागता, हा गोव्याच्या बाजूचा जुना मुद्दा. त्याच ग्रुपवर सकाळी "म्हादई वाचवा" आणि दुपारी "इथेनॉल वरदान"! घाटावर उसाला जितका भाव आणि हमखास गिऱ्हाईक, तितकं तिथलं पाणी उसाकडे वळणार, हे समजायला लवाद बसवायची गरज नाही.

"गाडीला आणि खिशाला फरक नाही." यावर फार लिहीत नाही. इथेनॉलमध्ये पेट्रोलपेक्षा सुमारे एक तृतीयांश ऊर्जा कमी. जुन्या धाटणीच्या दुचाकीचं मायलेज ३ ते ४ टक्के आणि चारचाकीचं ६ ते ७ टक्के घटेल, हे आराखड्यातच लिहिलंय. म्हापशाच्या स्टँडवरच्या पायलटला, म्हणजे मोटारसायकल टॅक्सीवाल्याला विचारा, त्याचा सगळा धंदा मायलेजवर. दर काही उतरला नाही. उतरणार कसा? सरकारी खुलाशाप्रमाणे जुलै २०२५ अखेर इथेनॉलची सरासरी खरेदी लिटरमागे ७१ रुपये ३२ पैसे, म्हणजे शुद्ध केलेल्या पेट्रोलच्या खर्चाहून जास्त. उलट बाजूने "पावसात टाकीत पाणी होतं" अशी भीती घालणारेही आहेत. हवेतल्या दमटपणाने तसं होत नाही. टाकीत खरोखर पाणी शिरलं तरच पेट्रोल फाटतं.

"संजीवनीत इथेनॉल आलं की गोव्याचा ऊस वाचला." हा मुद्दा मला सगळ्यात लागला, कारण धारबांदोडा आणि सांग्याच्या ऊसवाल्यांची फरफट मी जवळून बघितलीय. कारखान्याचं गाळप २०१९-२० पासून बंद. ऊस सीमेपलीकडे न्यायचा आणि सरकारी मदतीची वाट बघायची. मुळात कारखाना चालू होता तेव्हाही गोव्याचा ऊस त्याला पुरत नव्हता, बाहेरून आणावा लागे. समजा, दिवसाला ५० हजार लिटरचा लहानसा प्रकल्प घातला. टनाला ७० लिटर धरले तर रोज ७०० टनांवर ऊस हवा. तो नसला की बाहेरचा मका किंवा तांदूळ ट्रकने येणार, आणि मग वाचला तो कुणाचा ऊस?

दुसरी गोष्ट स्पेंट वॉशची. मळीतून एक लिटर अल्कोहोल काढताना ८ ते १५ लिटर असं काळं, आंबट पाणी निघतं. म्हणजे आपला हा लहानसा प्रकल्प मळीवर चालवला तर रोजचं चार ते साडेसात लाख लिटर. ते आटवून जाळायचं किंवा खतात मुरवायचं, एक थेंब बाहेर सोडायचा नाही, असा नियम आहे. पण जून ते सप्टेंबर गोव्यात उघड्यावर कसलं खत सुकणार? आणि त्याच तालुक्यातून येणारी नदी पुढे खांडेपारची होऊन ओपाला जाते, जिथून फोंडा आणि तिसवाडीचं नळाचं पाणी उचलतात. मामांच्या घरचंही.

प्रकल्प नकोच, असं मी म्हणत नाही. कच्चा माल कुठला आणि पावसाचे चार महिने स्पेंट वॉश कुठे साठवणार, हे ज्या कागदावर लिहिलंय तो कागद कुणाकडे असेल तर मामांनी चौथ्या खेपेला तोच ग्रुपवर टाकावा.