कर्ता अध्याहृत

भाची कामानिमित्त दोन दिवस बेंगळुरूहून पुण्याला येणार होती आणि बायको नेमकी आठ दिवसांसाठी कोल्हापूरला बहिणीकडे गेली होती. अशा वेळी शहाण्या माणसाने भाचीला बाहेर जेवायला न्यावं. मी फोनवर म्हणालो, "रविवारी रात्री घरीच ये. मी करतो काहीतरी."

पलीकडे जरा वेळ काहीच ऐकू आलं नाही. मग, "मामा, पण मी आता वीगन आहे हं."

"अरे वा, अभिनंदन!" मी म्हणालो. मला वाटलं, बढती मिळाली असेल.

खरा अर्थ कळल्यावर रात्री बायकोला फोन लावला. दूध नाही, दही नाही, तूप नाही, मधसुद्धा नाही, अशी यादी वाचून दाखवली.

"म्हणजे पंचामृतातली चार अमृतं गेली," ती म्हणाली. "उरली साखर. पण त्यात एवढं घाबरण्यासारखं काय आहे? पिठलं-भात करा. पिठल्यात कुठे दूध असतं? नाहीतर मसुराची उसळ करा. वरून तूप वाढू नका म्हणजे झालं."

सल्ला इतका सरळ होता की तो मानणं मला कमीपणाचं वाटलं. भाची काय, पिठलं खायला बेंगळुरूहून येणार होती? मी मोबाइलवर शोधाशोध केली आणि एका पाककृतीवर बोट थांबलं : 'झटपट वीगन स्टर-फ्राय, पालेभाजी आणि अननस. वेळ : १० मिनिटं.'

मी निवृत्त मराठी शिक्षक. नवा पदार्थ समोर आला की मी आधी त्याची व्युत्पत्ती बघतो, त्यामुळे शनिवारचा दिवस बाजारहाट सोडून त्यातच गेला. पण मिळालेला माल चोख होता. 'वीगन' हा शब्द १९४४ साली इंग्लंडमध्ये डोनाल्ड वॉटसन आणि मंडळींनी काढला. इंग्रजीतल्या 'व्हेजिटेरियन'ची पहिली तीन अक्षरं ठेवली, शेवटची दोन ठेवली आणि मधलं सगळं टाकून दिलं. म्हणजे शब्दसुद्धा जुडीसारखा निवडूनच घेतला. 'स्टर-फ्राय' हा इंग्रजी शब्द पुढच्याच वर्षीचा, १९४५चा. परतण्याची रीत चीनमध्ये जुनीच, पण तिला हे इंग्रजी नाव दिलं ते बूवेई यांग चाओ या डॉक्टरीणबाईंच्या पाककृतींच्या पुस्तकाने. त्यांचे यजमान नामांकित भाषाशास्त्रज्ञ. हे वाचून मला फार धीर आला. भाषेच्या माणसाच्या घरात स्टर-फ्राय होऊ शकतो, याला पुरावा मिळाला होता. तिथे परतत कोण होतं, याकडे मी लक्ष दिलं नाही.

रविवारी सकाळी मंडईत गेलो. पाककृतीत 'बोक चॉय' लिहिलं होतं. भाजीवाल्या मावशींनी तो शब्द दोनदा म्हणायला लावला आणि सांगितलं, "ते तिकडं इंग्लिश भाजीवाल्याकडं मिळंल." चीनची भाजी इंग्लिश भाजीवाल्याकडे का, असा प्रश्न मला पडला. पण मावशींनी तोवर पालकाची एक आणि लाल माठाची एक जुडी पिशवीत टाकलीही होती. "शेपू पण घ्या काका, पहाटेचाच हाय."

शेपू आमच्या घरात बंद आहे. बायकोच्या मते त्याचा वास तीन दिवस घरातून आणि पाच दिवस फडक्यातून जात नाही. पण बायको होती कोल्हापुरात. मी इकडेतिकडे बघितलं आणि शेपू घेतला.

अननस निवडताना शेंड्याचं पान ओढून बघितलं, बुडाचा वास घेतला, शेजारच्या गिऱ्हाइकाने मान हलवली तशी मीही हलवली. सॉसची बाटली मात्र वाण्याकडे पटकन मिळाली. छान दाट, तपकिरी सॉस. बाटलीवर तपकिरी त्रिकोण होता. सॉसच तपकिरी, तर खूण तपकिरी असणारच, असं मी धरून चाललो. घरी आल्यावर भिंग लावून वाचलं तर नाव निघालं ऑयस्टर सॉस. ऑयस्टर म्हणजे कालवं. कोकणात खडकावरून खरवडून काढतात ती! तो त्रिकोण मांसाहाराचा होता. मुळात वीगन माणसाला आपला हिरवा ठिपकाही पुरत नाही, कारण दुधाच्या पदार्थांवरही तो हिरवाच असतो. त्यांच्यासाठी सरकारने २०२२च्या नियमांत निराळं चिन्ह केलं आहे. बाटली मी तांदळाच्या डब्यामागे लपवली. सॉसऐवजी चिंचेचा कोळ आणि गूळ घ्यायचं ठरवलं. फ्रिजच्या दारात सोया सॉसची एक जुनी बाटली होती. तिची मुदत मी मुद्दामच वाचली नाही.

दुपारी चहा घेऊन साहित्याची यादी नीट वाचायला बसलो, आणि तेव्हा मला घाम फुटला. 'दोन-तीन जुड्या निवडलेली, धुतलेली व पूर्ण कोरडी केलेली पालेभाजी. सोललेल्या अननसाचे तुकडे. दाबून पाणी काढलेला टोफू. बारीक चिरलेलं आलं-लसूण. भाजलेले तीळ.' आणि त्याखाली, कृती : दहा मिनिटं.

चौतीस वर्षं मी वर्गात धातुसाधित विशेषणं शिकवली. 'निवड' धातूला '-लेला' लावला की 'निवडलेला'. फळ्यावर अर्ध्या मिनिटात होतं. त्या '-लेली'च्या पोटात एक अख्खी दुपार बसलेली असते, हे कुठल्याही व्याकरणात दिलेलं नाही. शिवाय या सगळ्या यादीत कर्ता कुठेच नव्हता. भाजी निवडलेली होती. कोणी निवडली, ते अध्याहृत. हा शोध मला इतका आवडला की मी लगेच कोल्हापूरला फोन केला.

बायकोने सगळं शांतपणे ऐकून घेतलं. म्हणाली, "कर्ता इथे कोल्हापुरात पाय वर घेऊन बसलाय. तुम्ही लागा निवडायला."

वर्तमानपत्र पसरून बसलो. पालक शहाण्या मुलासारखा असतो, देठ मोडला की झालं. माठाचं तसं नाही. कोवळा देठ ठेवायचा, जून टाकायचा, आणि प्रत्येक देठ अर्धा कोवळा आणि अर्धा जून. शेपू म्हणजे तर हिरव्या धाग्याचं गुंडाळंच. तासाभराने पाठ धरली, बोटं काळी झाली आणि कचऱ्याचा ढीग भाजीच्या ढिगापेक्षा मोठा दिसायला लागला. माझ्या हातून काहीतरी उलटं होत होतं हे नक्की. मध्येच पालकात एक हिरवी अळी निघाली. तत्त्वाचा प्रश्न होता. तिला पानासकट उचलून गॅलरीतल्या कुंडीत सोडलं.

मग धुणं. पहिल्या पाण्यात पुणे जिल्ह्यातली माती निघाली. दुसऱ्या पाण्यातही निघाली. चौथं पाणी थोडं लाल आलं म्हणून घाबरलो, तर तो माठाचा रंग होता.

आता कोरडं करणं. इथे मला माझा एक माजी विद्यार्थी आठवला. त्याची चायनीजची गाडी आहे. व्याकरणात तो सदा काठावर असे. त्याला फोन केला.

"सर, भाजी ओली असली की परतत नाही, उकडते," तो म्हणाला. "एकदम कोरडी पाहिजे. कढई धूर येईपर्यंत तापवा. आधी देठ, मग पानं. सगळी एकदम नका टाकू, आमच्या भट्टीपुढे तुमची शेगडी म्हणजे निरांजन आहे सर. आणि मीठ सगळ्यात शेवटी. पाला आळतो." मी 'हो हो' म्हणत होतो. पूर्वी ऱ्हस्व-दीर्घाचे नियम ऐकताना तो म्हणायचा, अगदी तस्सं.

पानं पंख्याखाली पसरली. पंखा पाचवर केल्याबरोबर ओली खाली राहिली आणि सुकलेली उडून टीव्हीवर, कपाटावर आणि माझ्या वडिलांच्या तसबिरीच्या हारावर जाऊन बसली. पाककृतीत भाजी गरगर फिरवून पाणी काढायचं एक यंत्र दाखवलं होतं. ते कुठून आणणार? मी उशीचा एक स्वच्छ अभ्रा काढला, त्यात सगळी भाजी भरली, तोंड मुठीत आवळलं आणि गॅलरीत उभा राहून गोफणीसारखा गरागरा फिरवला. जोंधळ्याच्या राखणीला उभं राहिल्यासारखं वाटलं. पाणीही भसाभस निघालं. खालच्या मजल्यावरचे काका गॅलरीत वर्तमानपत्र वाचत होते. त्यांनी तळहात बाहेर काढून अंदाज घेतला, निरभ्र आभाळाकडे बघितलं, आणि दोरीवरचे कपडे गोळा करून आत गेले.

अननसाला पाऊण तास लागला. त्याचे डोळे तिरप्या रांगेत असतात, त्या रांगेने सुरी फिरवली की सुरेख पीळ पडतो. माझा पीळ भलतीकडेच गेला. जाडच्या जाड सालीला लागलेला गर टाकवेना म्हणून खाल्ला, तर जीभ चरचरायला लागली. अननसात ब्रोमेलेन नावाचं एक विकर असतं, ते प्रथिनं पचवतं. कच्च्या अननसाने ते काम माझ्या जिभेवरच सुरू केलं होतं. शिजवलं की त्याचा जोर जातो. टोफूचं पाणी काढायला त्याच्यावर जाडजूड शब्दकोश ठेवला होता. टोफूचं पाणी निघालं खरं, पण ते 'पाणी' ते 'पापड' या पानांत गेलं.

आठला दहा कमी असताना मी कढई ठेवली. भाची आठला येणार होती. म्हणजे पाककृतीतली दहा मिनिटं माझ्याकडे बरोब्बर होती, एवढं एकच गणित त्या दिवशी जुळलं.

तिळाचं तेल दिवाळीच्या अभ्यंगाचं उरलेलं होतं. ते तापलं आणि घरभर नरकचतुर्दशीची पहाट झाली. आलं, लसूण, मिरची टाकल्यावर असा ठसका बसला की डोळ्यांसमोरचं दिसेना. देठ आधी की पानं आधी हे आठवत बसायला उसंत कुठली! सगळी भाजी एकदमच लोटली. कढईवर हिरवा-लाल डोंगर उभा राहिला. डोंगराच्या मानाने मीठ टाकलं. टोफू टाकला, अननस टाकला, कोळ-गूळ ओतला आणि झाऱ्याने दोन पलट्या मारल्या. तिसऱ्या पलटीला डोंगर दिसेना. तीन जुड्यांची भाजी दोन वाट्यांवर आली होती आणि मीठ होतं तेवढंच होतं. शिवाय माठाने रंग सोडला होता. टोफू गुलाबी, अननस गुलाबी, झाऱ्याचा लाकडी दांडाही गुलाबी. लग्नातल्या अक्षतांची आठवण व्हावी असं काहीतरी कढईत पडलं होतं, फक्त शेपूच्या वासाचं.

बेल वाजली.

भाचीने कढईत डोकावून बघितलं. "मामा, हे काय आहे?"

"स्टर-फ्राय."

तिने चमच्याच्या टोकाने चाखलं. पोरीला संस्कार आहेत. चेहरा हलला नाही. मग पदर खोचायच्या आवेशात बाह्या सरसावून म्हणाली, "मामा, तू बस बरं. मीठ थोडं पुढे गेलंय. भात आहे ना? बेसन कुठे ठेवता?"

ती भाजी अननसासकट भातात मिसळली तेव्हा कुठे ती तोंडात धरवली. आंबटगोड लागत होती, आणि शेपूही मला तरी आवडला. शेजारी गरम पिठलं होतं. ते तिने केलं, बाराव्या मिनिटाला, माझ्याशी गप्पा मारता मारता. दोघांनीही आधी पिठलं संपवलं.

पुढच्या शनिवारी बायको परत आली. तोवर मी ओटा घासला होता, सॉसची बाटली वाण्याला परत केली होती, शब्दकोश उन्हात ठेवला होता, अभ्रा धुऊन उशीला चढवला होता. तिने सगळ्या घरावरून नजर फिरवली आणि काही बोलली नाही. मला माझा अभिमान वाटला.

रात्री दिवा मालवला. पाच मिनिटं गेली असतील. अंधारात ती उठून बसल्याचं जाणवलं.

"अहो," ती म्हणाली, "उशीला शेपूचा वास कसला येतोय?"

मी तोवर झोपलेला होतो. धातुसाधित विशेषण.