साक्षीदार एका ठिकाणी चुकला म्हणून केस उडत नाही

आमच्या घोडबंदर रोडच्या सोसायटी ग्रुपवर कालपासून एक फॉरवर्ड फिरतोय, की साक्षीदाराची एक गोष्ट खोटी निघाली की अख्खी साक्ष बाद आणि अपिलात आरोपी सुटतोच. असं नाहीये ओ. आपल्याकडे कोर्ट साक्ष सुपात घेऊन पाखडतं, खरं वाटेल तेवढं ठेवतं. शर्ट निळा होता की काळा, आठ वाजले होते की साडेआठ, असल्या फरकाने काही बिघडत नाही, उलट सगळे पोपटासारखं एकच बोलले तर जज्जला शंका येते. पण पोलिसांकडच्या जबाबात आरोपीचं नावच नाही आणि कोर्टात एकदम 'मी वार करताना पाहिलं', हे मात्र जड जातं.

एकच साक्षीदार असला तरी शिक्षा होऊ शकते बरं का, १९५७ च्या वडिवेलू थेवर केसपासून सुप्रीम कोर्ट हेच सांगतंय, फक्त तो पक्का भरवशाचा हवा.

आणि अपिलात ठाणे सेशन्सची केस मुंबई हायकोर्टात गेली की साक्षीदार सहसा परत पिंजऱ्यात येत नाही, टाईप केलेली साक्ष वाचतात, तो अडखळला की घाम पुसला ते खालच्या जज्जनेच बघितलेलं, म्हणून त्याच्या मताला वजन. पण त्याने उलटतपासणीतला महत्त्वाचा मुद्दाच सोडला असेल तर हायकोर्ट निकाल फिरवतं.