मालविका बनसोड ‘एका सामन्याची खेळाडू’? गुणतक्ता वेगळंच सांगतो

नागपूरची बॅडमिंटनपटू मालविका बनसोड हिच्याबद्दल एक मजकूर शब्द बदलून बदलून सगळीकडे फिरत असतो. त्याचं सार असं: २०२२ मध्ये तिनं दुखापतीतून उठलेल्या सायना नेहवालला हरवलं आणि माध्यमांनी तिला डोक्यावर घेतलं. बाकी तिच्या नावावर मालदीव-युगांडासारख्या फुटकळ स्पर्धा, त्यांवरच क्रमवारी फुगवलेली. खरी प्रतिभा असती तर सोळाव्या वर्षीच दिसली असती. अभ्यास सोडला नाही म्हणून खेळ अर्धवट राहिला, आणि आईवडील डॉक्टर, तेव्हा सगळं आयतं मिळालं.

पहिला आरोप सायनाच्या दुखापतीचा. यातला खरा भाग आधी मान्य करू. १३ जानेवारी २०२२ ला दिल्लीत इंडिया ओपनच्या दुसऱ्या फेरीत मालविका २१-१७, २१-९ अशी जिंकली, तेव्हा सायना पूर्ण तंदुरुस्त नव्हती. गुडघा आणि जांघेच्या दुखापतींमुळे तिला डिसेंबरमधलं जागतिक अजिंक्यपद सोडावं लागलं होतं. दिल्लीत पहिल्या फेरीतही समोरच्या तेरेझा श्वाबिकोवानं पाठदुखीमुळे सामना अर्ध्यावर सोडला, म्हणून सायना पुढे गेली. सायनाबद्दल आदर ठेवून हे म्हणता येतं, आणि म्हणायलाच हवं.

पण मग त्याच्या तीन महिने आधीचं आर्हुसही सांगा ना! ऑक्टोबर २०२१, डेन्मार्क, उबर कप ही महिलांची जागतिक सांघिक स्पर्धा, भारत विरुद्ध स्पेन. पहिल्या एकेरीत पहिला गेम गमावल्यावर सायनाला दुखापतीमुळे कोर्ट सोडावं लागलं आणि भारत ०-१ असा मागे पडला. पुढच्या एकेरीत मालविकानं अनुभवी बेआत्रिस कोरालेसला २१-१३, २१-१५ असं हरवलं आणि बरोबरी साधून दिली. ती लढत भारतानं ३-२ अशी जिंकली. सांघिक स्पर्धेतला दबाव, संघातली सर्वांत मोठी खेळाडू नुकतीच बाहेर गेलेली, आणि मालविकाचं वय वीस. तिची पारख करायला दिल्लीपेक्षा हा सामना कितीतरी चांगला आहे. फिरणाऱ्या मजकुरात त्याचा उल्लेखही नसतो.

याच मुद्द्याला एक शेपूट जोडलेलं असतं: ‘सायनाला हरवलं आणि लगेच पुढच्या फेरीत हरली.’ हो, हरली. उपांत्यपूर्व फेरीत आकर्षी कश्यपनं तिला १२-२१, १५-२१ असं सरळ हरवलं. पण पुढच्याच आठवड्यात लखनौला सय्यद मोदी स्पर्धेत मालविका थेट अंतिम फेरीत पोहोचली. उपांत्य सामन्यात अनुपमा उपाध्यायविरुद्ध पहिला गेम गमावून तिनं १९-२१, २१-१९, २१-७ असा विजय खेचून आणला. अंतिम सामन्यात सिंधूकडून १३-२१, १६-२१ अशी हार झाली. एका दिवसाच्या नशिबावर असा आठवडा निघत नाही.

आता ‘फुटकळ स्पर्धां’कडे येऊ. या आरोपाचा मला खरा राग येतो, कारण तो मालविकापुरता उरत नाही. शिडीच्या खालच्या पायऱ्यांवर उभ्या असलेल्या प्रत्येक मुलामुलीला तो लागतो.

२०१९ मध्ये मालविकानं मालदीव आणि नेपाळमधल्या स्पर्धा जिंकल्या, २०२१ मध्ये लिथुआनिया आणि युगांडामधल्या. ‘रँकिंग फुगवलं’ म्हणणाऱ्यांनी जागतिक बॅडमिंटन महासंघाचा गुणतक्ता एकदा उघडून पाहावा. सर्वांत खालच्या पायरीवरची फ्यूचर सीरीज स्पर्धा जिंकणाऱ्याला १७०० गुण मिळतात, तिच्या वरची इंटरनॅशनल सीरीज जिंकणाऱ्याला २५००. आणि वर्ल्ड टूर या वरच्या स्पर्धामालिकेतल्या बड्या सुपर १००० स्पर्धेत पहिल्याच फेरीत हरून घरी जाणाऱ्याला किती? ३०००. म्हणजे आठवडाभर खेळून, सगळे सामने जिंकून, करंडक उचलूनही खालच्या स्पर्धेतल्या मुलीला वरच्या स्पर्धेत एकच सामना खेळून हरलेल्या खेळाडूपेक्षा कमी गुण पडतात. या तक्त्यावर कुणी क्रमवारी फुगवून दाखवावी!

त्यात क्रमवारीसाठी गेल्या ५२ आठवड्यांतल्या सर्वोत्तम दहा स्पर्धांचेच गुण धरतात. मोठ्या स्पर्धांमध्ये प्रवेश क्रमवारीवर मिळतो आणि क्रमवारी चढायला मोठ्या स्पर्धांचे गुण लागतात. या पेचातून बाहेर पडायचा रस्ता एकच, खालच्या स्पर्धांमध्ये सतत खोलवर जात राहायचं. भारतासारख्या देशात, जिथे महिला एकेरीत पुढे दोन-दोन ऑलिम्पिक पदकविजेत्या उभ्या होत्या, तिथे विशीतल्या मुलीला काठमांडू आणि कंपालाचा रस्ता टाळता येत नव्हता. मधलं २०२० तर करोनानं जवळजवळ पुसूनच टाकलं. अठराव्या-एकोणिसाव्या वर्षी, सगळ्यात जास्त सामने खेळायला हवेत तेव्हाच, स्पर्धा बंद होत्या. त्या पिढीचा हिशेब मांडताना हे वर्ष कुणी धरतच नाही.

‘सोळाव्या वर्षीच दिसायला हवं होतं’ हा मुद्दा सायनाच्या मापानं सगळ्यांना मोजण्यातून येतो. सायनानं २००६ मध्ये सोळाव्या वर्षी फिलिपिन्स ओपन जिंकली, सिंधूनं २०१३ मध्ये अठराव्या वर्षी जागतिक ब्राँझ मिळवलं. हे अपवाद आहेत, म्हणून तर ते लक्षात राहतात. इंडोनेशियाची ग्रेगोरिया मारिस्का तुंजुंग २०१७ मध्ये ज्युनिअर जगज्जेती झाली आणि ऑलिम्पिक ब्राँझ तिला २०२४ मध्ये मिळालं. मधली सात वर्षं ती वाया गेलेली खेळाडू होती का?

तुंजुंगचं नाव मुद्दाम घेतलं. पॅरिसचं ते पदक मिळून दोन महिनेही झाले नव्हते, तेव्हा सप्टेंबर २०२४ मध्ये चायना ओपनच्या पहिल्या फेरीत तिला मालविकानं २६-२४, २१-१९ असं हरवलं. पुढच्या फेरीत समोर आली स्कॉटलंडची कर्स्टी गिल्मोर. आर्हुसला स्पेननंतरच्याच लढतीत याच गिल्मोरनं मालविकाला दोन सरळ गेममध्ये धुतलं होतं. चायना ओपनमध्ये, चांगचौला, मालविका २१-१७, १९-२१, २१-१६ अशी जिंकली आणि सुपर १००० स्पर्धेच्या उपांत्यपूर्व फेरीत पोहोचली. एका खेळाडूची वाढ मोजायची तर प्रतिस्पर्धी तोच ठेवून तीन वर्षांतला फरक पाहावा. तो फरक इथे आहे.

अभ्यासाबद्दल फार लिहायची गरज नाही. खेळता खेळता तिनं अभियांत्रिकीचं शिक्षण घेतलं. तिची कामगिरी सांगताना हे उणं म्हणून धरणाऱ्यांना काय म्हणावं?

राहिला घरचा मुद्दा. आईवडील दोघेही दंतवैद्य, हे खरं. पण प्रशिक्षणासाठी मालविका नागपूर सोडून रायपूरला संजय मिश्रा यांच्याकडे गेली, आणि आई तिच्यासोबत राहिली. मुलीच्या खेळासाठी घर दोन शहरांत वाटलं गेलं, याला आयतं मिळणं म्हणत नाहीत. घरी पैसा नसलेल्या मुलांसाठी हा खेळ महाग आहे, हे दुःख अगदी खरं आहे. त्याचा जाब संघटनांना आणि सरकारला विचारा. एका कुटुंबानं आपलं सगळं पणाला लावलं, म्हणून त्या मुलीच्या विजयांची किंमत कमी होत नाही.

मालविकाच्या खेळावर टीका जरूर करा, त्यासाठी खरे मुद्दे आहेत. सय्यद मोदीनंतर नोव्हेंबर २०२४ मध्ये जर्मनीत हायलो ओपनची अंतिम फेरी तिनं गाठली, तिथे मिया ब्लिचफेल्टनं १०-२१, १५-२१ असं हरवलं. म्हणजे वर्ल्ड टूरवरच्या या दोन्ही अंतिम सामन्यांत तिला एकही गेम जिंकता आला नाही. चांगचौच्या त्या उपांत्यपूर्व फेरीत अकाने यामागुचीविरुद्धही पहिला गेम १०-२१ असा गेला. जगातल्या अव्वल खेळाडूंनी सुरुवातीपासून वेग वाढवला की तिला सूर सापडायला उशीर होतो. शिवाय जून २०२५ मध्ये जाकार्तात रतचनोक इंतानोनविरुद्ध पहिला गेम जिंकलेला असताना गुडघा दुखावला आणि सामना सोडावा लागला. अशा दुखापतीनंतर कोर्टवरची हालचाल पहिल्यासारखी होणं किती अवघड, हे सायनाची कारकीर्द पाहिलेल्यांना वेगळं सांगायला नको. यावर बोलू, हवा तितका वाद घालू. फक्त त्यासाठी तिचे सामने पाहिलेले असले पाहिजेत.