दुर्गाबाई कामत आणि 'पोटासाठी केलं, त्यात काय मोठं?'

काका, नमस्कार. एवढी सविस्तर प्रतिक्रिया लिहिलीत, म्हणून उत्तरही सविस्तर देते. तुमचं म्हणणं थोडक्यात असं: दुर्गाबाईंनी दादासाहेब फाळक्यांच्या 'मोहिनी भस्मासुर' या मूकपटात पार्वतीचं दुय्यम काम केलं, तेही पोटासाठी, नायिका मोहिनी, म्हणजे त्यांची मुलगी कमलाबाई. तेव्हा दुर्गाबाईंवरच्या माझ्या लेखाचं 'पहिली अभिनेत्री' हे शीर्षक बदला. शिवाय बडोद्याच्या माणसांनी यात का पडावं, हेही विचारलंत.

बडोद्याचं आधी सांगून टाकते. फाळके आपल्या कलाभवनात शिकले. दांडिया बाजारात राहणाऱ्याला एवढं नातं पुरे.

आता पोटासाठी. हो, पोटासाठीच. पती आनंद नानोसकर मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये शिकवत. 1903 च्या सुमारास दोघं वेगळे झाले, तेव्हा कमला तीनेक वर्षांची. पदरात पोर घेऊन एकट्या राहणाऱ्या बाईला त्या काळी कुठली नोकरी मिळणार होती? त्या नाटक कंपनीत गेल्या. गावोगावचे मुक्काम, आणि 'नाटकवाली' म्हणून समाजाने फिरवलेली पाठ. कमलाही लहानपणीच रंगभूमीवर उभी राहिली. बालगंधर्व पोटासाठी नाटकात गेले नव्हते का? त्यांच्या बाबतीत आपण हा प्रश्न कधी काढत नाही. दुर्गाबाईंच्या बाबतीत लगेच काढतो, हे मला फार खटकतं.

'त्या नसत्या तर दुसरी कुणी आली असती' असंही तुम्ही लिहिलंय. हे मला मुळीच पटत नाही. 3 मे 1913 ला 'राजा हरिश्चंद्र' लागला, त्यात तारामती झाले ग्रँट रोडच्या हॉटेलात काम करणारे अण्णा साळुंके. फाळक्यांनी वेश्यावस्तीतही विचारणा केली होती, तिथूनही कुणी टिकलं नाही. त्यानंतर दुर्गाबाई आणि कमलाबाई कॅमेऱ्यापुढे आल्या. मग दार सताड उघडलं का? 1917 च्या 'लंकादहन'मध्ये राम झाले साळुंके आणि सीताही साळुंकेच! चार वर्षांनीसुद्धा बाई मिळत नव्हती. 'कुणीही आली असती' हे म्हणायला सोपं आहे, काका, पण कुणी येत नव्हतं.

दुय्यम कामाचं म्हणाल, तर त्या कामात काय लागत होतं तेही पाहा. तो संगीत नाटकांचा जमाना. पद रंगलं की 'वन्स मोअर', पुन्हा तेच पद, पुन्हा टाळ्या. मूकपटात गळाच काढून घेतलेला. समोर प्रेक्षक नाही, हाताने फिरवायचा कॅमेरा, वरून ऊन. जे सांगायचं ते डोळे, मान आणि हात यांनीच सांगायचं. आणि भस्मासुराची आपल्याकडे सांगतात ती गोष्ट आठवा. वर मिळाल्यावर त्याचा डोळा पार्वतीवरच जातो. शंकराच्या मागे तो धावतो त्याचं कारण ती. मोहिनी येते ती पुढे, नाचता नाचता त्याला स्वतःच्याच डोक्यावर हात ठेवायला लावते. पार्वतीचा धसका पडद्यावर उतरला नाही, तर मोहिनीच्या नाचाला जोर कुठून येणार?

कमलाबाईंचं कर्तृत्व मी मुळीच कमी लेखत नाही. पण तेव्हा त्या अवघ्या तेरा-चौदा वर्षांच्या. 1913 साली एवढ्या मुलीला परक्या पुरुषांच्या युनिटमध्ये एकटीला कुणी पाठवलं असतं? आई बरोबर होती, तीही सोबतीण म्हणून बाजूला बसलेली नव्हती, तर तोंडाला रंग लावून कॅमेऱ्यापुढे उभी होती. पुढे चंद्रकांत गोखले, विक्रम गोखले ही नावं आपण आदराने घेतो, तो वारसा कमलाबाईंकडून आला असं म्हणतो. मग कमलाबाईंना घडवलं कुणी?

शीर्षक मी बदलणार नाही. पुढचा लेख कमलाबाईंवरच आहे. तुम्ही सुचवायच्या आधीच तो लिहायला घेतला होता. त्याचीही सुरुवात दुर्गाबाईंपासूनच होईल. तोही वाचा, आणि पटलं नाही तर असंच सविस्तर लिहा.