सकाळी फोडलेली धावपट्टी रात्री कशी चालली?

आम्ही गोव्यातल्या चिखलीचे. शेजारच्या दाबोळी विमानतळावरून नौदलाचं मिग-२९के उठलं की मांडणीवरची ताटं किणकिणतात आणि मला आजी आठवते. ती शेवटपर्यंत एकच विचारायची, "सकाळी पट्टी फोडली ना? मग रात्री विमान गेलं कसं रे?"

१८ डिसेंबर १९६१. पोर्तुगीजांकडून गोवा सोडवायची लढाई सुरू झाली. सकाळीच पुण्याहून भारतीय हवाई दलाची १२ कॅनबेरा बॉम्बर विमानं आली आणि दाबोळीची धावपट्टी फोडून गेली. टर्मिनलला धक्का लावायचा नाही असा हुकूम होता, कारण ते उद्या आपलंच होणार होतं. त्याच सकाळी हंटर विमानांनी बांबोळीचं बिनतारी केंद्र बंद पाडलं. कानही गेले, पायही. आजही युद्ध असंच सुरू होतं. २४ फेब्रुवारी २०२२ ला रशियन सैन्य युक्रेनमध्ये घुसायच्या तासभर आधी व्हायासॅट या अमेरिकी कंपनीच्या उपग्रह इंटरनेटवर सायबर हल्ला झाला होता.

पण त्या रात्री पोर्तुगीजांनी पट्टी जेमतेम बुजवली आणि उभी असलेली दोन प्रवासी विमानं अंधारात कराचीला काढली. आजीने ऐकला तो हाच आवाज.

हल्ली जो तो ड्रोन आणि क्षेपणास्त्रांवर बोलतो. बोलावंच. १ जून २०२५ ला युक्रेनने ट्रकमधून ११७ ड्रोन सोडून थेट सैबेरियापर्यंतच्या रशियन तळांवरची उघड्यावरची बॉम्बर जाळली. ज्या गावात विमानतळाच्या कुंपणाला लागून रस्ता जातो, त्या गावाला हे वाचून झोप कशी लागावी? पण माझं ठाम मत आहे की पहिल्या घावाने फक्त वेळ मिळतो. ५ जून १९६७ ला इस्रायलने इजिप्तच्या धावपट्ट्या फोडल्या, आणि अडकलेली विमानं लागोपाठच्या फेऱ्यांत जमिनीवरच संपवली. मिळालेला वेळ त्यांनी वाया घालवला नाही. उलट २०२२ मध्ये कीवजवळच्या होस्टोमेल विमानतळावर रशियन छत्रीधारी हेलिकॉप्टरमधून उतरले, पण युक्रेनी तोफांनी पट्टी झोडपली आणि मागून यायची मालवाहू विमानं आलीच नाहीत.

म्हणून विमान खरेदीच्या बातमीइतकीच मला खडी-डांबराची, पक्क्या हँगरची आणि रात्रीतून खड्डे बुजवायच्या सरावाची बातमी हवी असते. ती कुठे छापून येत नाही, याचा मला खरोखर राग येतो. १९७१ च्या डिसेंबरात पाकिस्तानी बॉम्बहल्ल्यात भूजची पट्टी उखडली, तेव्हा जवळच्या माधापर गावच्या सुमारे ३०० बायका घमेली घेऊन आल्या. भोंगा वाजला की झुडपांत लपायच्या, थांबला की पुन्हा कामाला. ७२ तासांत पट्टी चालू झाली.

आजीला ही गोष्ट सांगितली होती. ती म्हणाली, "मग आमच्याकडेही कोणीतरी रात्रभर खपलं असणार."